सीतेच्या वेणीचं बारसं

मे महिन्यात गावी गेलेला चाकरमानी मुंबईला परतताना आंबे, फणसाचे गरे, आगळाच्या बाटल्या आणतो. कधीकधी आंब्याच्या खोडावरून मुळांसकट ओढून काढलेला जाड, पट्ट्यांसारख्या पानांचा एक झुपकाही आणतो. घरातलं मोठं माणूस हटकून विचारतं, “हे बांडगूळ कशाला आणलंस?” झुपका बाल्कनीच्या ग्रिलला टांगला जातो आणि गणपतीपर्यंत सडून संपतो. दोन मीही मारले आहेत.

ती असते सीतेची वेणी, कुठे द्रौपदीची वेणी, झाडावर वाढणारं एक ऑर्किड. फुलाचा हंगाम आला की पानांच्या बेचक्यातून दीड-दोन फुटांचा घोस खाली लोंबतो. पांढऱ्या पाकळ्यांवर गुलाबी-जांभळे ठिपके आणि एका घोसात शंभरावर फुलं. आसामात हेच ‘कोपौ फूल’. बिहू नाचणाऱ्या मुली ते केसांत माळतात, आणि ते राज्यफूलही आहे. भारत-श्रीलंकेपासून जावा, बोर्निओ, फिलिपिन्सपर्यंतच्या दमट जंगलांत ते झाडांवर वाढतं.

बांडगूळ मात्र ते नव्हे. बांडगूळ आपली मुळं झाडाच्या आत घालून त्याचा रस ओढतं. ही वेणी झाडावर फक्त बसते. तिच्या लोंबत्या मुळांवर स्पंजासारखं पांढरट आवरण असतं. पावसाचं, धुक्याचं पाणी ते टिपून घेतं, आणि खत म्हणून सालीच्या खाचेत साठलेला पालापाचोळा पुरतो. अशा झाडांना मराठी पुस्तकं अपिवनस्पती म्हणतात. शब्द जड आहे, पण नेमका आहे.

तिच्या शास्त्रीय नावाची गोष्ट सुरू होते ती कोचीनला. डच ईस्ट इंडिया कंपनीचा तिथला अधिकारी हेंड्रिक व्हान रेडे याने मलबारच्या वनस्पतींचा ‘हॉर्टस मलबारिकस’ हा बारा खंडांचा ग्रंथ तयार करवला. १६७८ ते १६९३ या काळात तो ॲमस्टरडॅमला छापला गेला. माहिती पुरवणाऱ्यांत इट्टी अच्युतन हे मल्याळी वैद्य होते, तसेच रंग भट, विनायक पंडित आणि आपू भट हे तिघे कोकणी वैद्यही होते. या तिघांचं नागरी लिपीतलं, कोकणी भाषेतलं प्रमाणपत्र पहिल्या खंडात आहे. सतराव्या शतकात ॲमस्टरडॅमच्या छापखान्यात नागरी अक्षरं उमटली, हे वाचून मला दर वेळी मौज वाटते.

सीतेची वेणी आली बाराव्या खंडात, अगदी पहिल्या चित्रात. नाव दिलं होतं ‘अन्स्येली मरवर’. ‘मर’ म्हणजे झाड आणि ‘अन्स्येली’ म्हणजे अंजिली, फणसाच्या गोतातलं एक झाड. ज्या झाडावर वनस्पती भेटली, ते झाड नावातच बसलं. पण हा खंड छापलेला रेडेला पाहता आला नाही. कोचीनहून सुरतेला जाताना १५ डिसेंबर १६९१ रोजी मुंबईच्या किनाऱ्याजवळ जहाजावरच त्याचा मृत्यू झाला. त्याला पुरलं सुरतेला.

साठ वर्षांनी, १७५३ मध्ये, स्वीडनचा वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियस याने रेडेच्या चित्राचा आधार घेऊन नाव ठेवलं एपिडेंड्रम रेटुसम. एपिडेंड्रम म्हणजे ‘झाडावरचं’. झाडांवर वाढणारी बरीच ऑर्किडं त्याने याच एका पोतडीत कोंबली होती. ‘रेटुसम’ हे पानाच्या बोथट, खाच पडलेल्या टोकावरून. १८२५ मध्ये जावात काम करणाऱ्या ब्लूम या वनस्पतिशास्त्रज्ञाने पोतडी उसवली आणि ऱ्हिंकोस्टायलिस ही वेगळी प्रजाती मांडली. फुलातल्या स्तंभाच्या, म्हणजे पुंकेसर आणि स्त्रीकेसर जुळून झालेल्या दांड्याच्या, चोचीवरून हे ग्रीक नाव. नाव अचूक झालं, फक्त त्यातलं झाड गेलं. पुढे काही काळ विलायती काचघरांत ती ‘सॅकोलेबियम’ म्हणूनही मिरवली. शेवटी ब्लूमचं नावच टिकलं.

मुंबईनेही आपल्या परीने हिशेब ठेवला. डाल्झेल आणि गिब्सन यांचा ‘बॉम्बे फ्लोरा’ १८६१ चा. गिब्सन मुंबई इलाख्याचे वनसंरक्षक होते. शंभर वर्षांनी सेंट झेवियर्स कॉलेजातले फादर सांतापाव यांनी कापडिया यांच्यासह ‘द ऑर्किड्स ऑफ बॉम्बे’ लिहिलं, १९६६ मध्ये. शीर्षक वाचून कुणी मलबार हिलवर ऑर्किडं शोधायला निघू नये. त्यातलं बॉम्बे म्हणजे जुना इलाखा.

एक कोडं तोवर सुटलं होतं. ऑर्किडचं बी धुळीइतकं बारीक, त्यात साठवलेलं अन्न जवळपास नाहीच. मग रुजतं कसं? फ्रान्सच्या नोएल बर्नार यांना १८९९ मध्ये उत्तर सापडलं: एक बुरशी बीजात शिरते आणि रोपाला भरवते. १९२२ मध्ये अमेरिकेत लुइस नड्सन यांनी बुरशीऐवजी साखर घातलेल्या अगारवर, म्हणजे समुद्रशेवाळापासून केलेल्या जेलीवर, बी रुजवून दाखवलं, आणि ऑर्किड बाटलीत वाढू लागलं. दादरच्या फूलबाजारात जुड्यांनी मिळणारी जांभळी ऑर्किडं या बाटलीबंद शेतीतून आलेली डेंड्रोबियम असतात, त्यातली बरीच थायलंडची.

सीतेची वेणी त्या बाजारात दिसत नाही. ती आंब्यावरच फुलते, मे सरता सरता आणि पुढे पावसात. शाळा उघडायच्या म्हणून चाकरमानी तोवर मुंबईला परतलेला असतो.