मुक्कामी गाडी आणि एसटीने जाणारा डबा

१७ मार्च २०२३ पासून महिलांना एसटीत अर्धे तिकीट झाले आणि गाड्या बायकांनी भरून जाऊ लागल्या. सवलतीवर वाद होतात. पण खेड्यातल्या बाईचे घराबाहेर पडणे गाडीवर अवलंबून आहे, ते त्याच्या कितीतरी आधीपासून.

स्वातंत्र्यापूर्वी खासगी सर्व्हिस मोटारी धावत. मोटार भरली की सुटायची, आणि जिकडे उतारू कमी तिकडे जायचीच नाही. १ जून १९४८ ला पुणे ते अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) ही पहिली एसटी निघाली. महामंडळ, कायदे पुढे आले. मला यात सर्वांत मोलाचे वाटते ते वेळापत्रक. उतारू दहा असोत की दोन, गाडी ठरल्या वेळेला सुटणार, हे गावाला पहिल्यांदाच कळले.

त्यातही मुक्कामी गाडी. दिवस मावळता गावात यायची, ड्रायव्हर-कंडक्टर देवळात नाहीतर शाळेच्या ओसरीवर पथारी टाकायचे आणि पहाटे तीच गाडी तालुक्याला निघायची. दुधाच्या किटल्या, भाजीच्या पाट्या, दवाखान्याला निघालेली म्हातारी, सगळे तिच्यात.

आणि डबे. तालुक्याला खोली घेऊन शिकणाऱ्या पोरांसाठी आया अंधारात उठून भाकरी थापायच्या. भाकरी, कोरड्यास, वर ठेचा. डबा फडक्यात घट्ट बांधायचा, गाठ ओळखीची. ड्रायव्हरच्या बाजूला, बॉनेटजवळ डब्यांची रांग लागायची. स्टँडवर पोरे आपापला डबा उचलत आणि कालचा रिकामा परत ठेवत. खाणावळ न परवडणारी कितीतरी मुले या डब्यांवर शिकली.

मुलींचे गणित अवघड होते. हायस्कूल पाच-सात किलोमीटरवर, आडवाटेने पायी पाठवायला घरचे धजत नसत. अहिल्याबाई होळकर योजनेतून मुलींना मोफत पास मिळाला, तेव्हा कितीतरी घरांतला नकार मवाळ झाला. तरीही शाळा सुटायच्या वेळेला गाडी नसेल, तर त्या पासाचा उपयोग नाही. एखादी फेरी रद्द होते तेव्हा डेपोच्या हिशेबात ती तोट्यातली असते. गावात त्याच फेरीवर कुणाची तरी दहावी अवलंबून असते.

२०२१ च्या दिवाळीच्या सुमारास कर्मचाऱ्यांचा संप सुरू झाला, तो एप्रिल २०२२ पर्यंत लांबला. तुटपुंज्या पगारावर राबणाऱ्यांचे दुखणे खरेच होते. त्या महिन्यांत खेड्यांतून वडापच्या, म्हणजे खासगी प्रवासी वाहतुकीच्या, जीपा चालू होत्या. पण वडापमध्ये पास चालत नाही.