एल्युसिसची डिमीटर: एका कथेमागचा इतिहास

पाताळाचा राजा हेडीज पर्सेफनीला पळवून नेतो. तिची आई, धान्याची देवी डिमीटर शोकाने वेडीपिशी होते, शेतं ओस पडतात. शेवटी तडजोड होते आणि मुलगी वर्षातले काही महिने नवऱ्याकडे, बाकीचे आईकडे राहू लागते. म्हणून ऋतू बदलतात. ही ग्रीक कथा बहुतेकांना एवढीच माहीत असते. पण ऋतूंच्या स्पष्टीकरणापाशी ती संपवली, तर तिच्यातलं सगळ्यात जिवंत असलेलं बाजूला राहतं. या कथेला स्वतःचं गाव होतं. अथेन्सपासून साधारण वीस किलोमीटरवरचं एल्युसिस. तिथे शेतं होती, डिमीटरची विहीर होती, देऊळ होतं, आणि हजार वर्षांहून अधिक काळ लोक दरवर्षी तिच्यासाठी तिथे जात होते.

कथेचं सर्वांत जुनं सलग रूप एका स्तोत्रात सापडतं. ते होमरच्या नावावर असलं तरी होमरचं नाही; इसवी सनापूर्वी सातव्या शतकात किंवा सहाव्याच्या सुरुवातीला ते रचलं गेलं असावं. जेमतेम ५०० ओळी, पण काय ताकदीच्या! यात हेडीज एकटा दोषी नाही. पर्सेफनीचा बाप, देवांचा राजा झ्यूस, त्यानेच आपल्या या भावाला मुलगी देऊन टाकली आहे, आणि आईला कोणी विचारलेलंही नाही. डिमीटर नऊ दिवस हातात मशाली घेऊन, अन्नाला न शिवता, अंगाला पाणी न लावता भटकते. खरं कळल्यावर ती देवांची संगत सोडते आणि म्हातारीच्या रूपात एल्युसिसच्या विहिरीपाशी येऊन बसते. पाणी भरायला आलेल्या राजाच्या चार मुली तिची विचारपूस करतात, घरी नेतात. तिथे ती वाइन नाकारते आणि सातू घातलेलं, पुदिन्याच्या जातीच्या एका वनस्पतीचा वास असलेलं पाणी मागून घेते. घरातली इयांबी नावाची बाई थट्टामस्करी करून तिला हसवते, तेव्हा कुठे ती ते पिते.

मग ती त्या घरातल्या तान्ह्या मुलाला सांभाळू लागते. त्याला अमर करायचं म्हणून रोज रात्री विस्तवात ठेवते. एका रात्री आई ते पाहते आणि किंचाळते. देवी चिडून मूल जमिनीवर टाकते, खऱ्या रूपात उभी राहते आणि स्वतःसाठी देऊळ बांधायला सांगते. त्या देवळात ती बसून राहते, आणि पेरलेलं बी जमिनीतून वर येईनासं होतं. माणसं उपाशी मरणार, म्हणजे देवांना बळी आणि नैवेद्य मिळणार नाहीत, हे लक्षात आल्यावर झ्यूस नमतो. तो नमतो ते दयेने नव्हे. सगळ्या देवांची कोंडी केल्याशिवाय या आईचं कोणी ऐकलं नाही, हे स्तोत्र उघडपणे सांगतं, आणि म्हणूनच मला ते इतकं मोलाचं वाटतं.

परतण्याआधी हेडीज पर्सेफनीला डाळिंबाचा एक दाणा खायला घालतो. एकच. सात दाणे पुढे रोमन कवी ओव्हिडच्या लॅटिन काव्यात येतात. वर्षाचे सहा-सहा महिने अशी वाटणीही तिथलीच. स्तोत्रात ती एक तृतीयांश वर्ष खाली आणि दोन तृतीयांश वर असते. ओव्हिडकडे अपहरणाची जागाही सिसिलीतल्या एन्नाजवळच्या तळ्याकाठी आहे. सिसिली हे रोमचं धान्याचं कोठार होतं, तेव्हा कथा तिथे रुजली यात नवल नाही.

या कथेत ग्रीक घरांमधलं वास्तव होतं. मुलींची लग्नं चौदा-पंधराव्या वर्षी, बरेचदा तिशीच्या पुरुषाशी, बापाच्या शब्दावर होत. लग्न आणि मरण दोन्ही मुलीला आईपासून तोडणारी, आणि ग्रीकांनी ती शेजारी शेजारी ठेवली. अथेन्सच्या राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालयात फ्रासिक्लिया नावाच्या मुलीचा पुतळा आहे, इसवी सनापूर्वी सहाव्या शतकाच्या मध्याचा. तो १९७२ साली अथेन्सभोवतालच्या अ‍ॅटिका प्रांतात मातीखाली सापडला. हातात कमळाची कळी, अंगावर दागिने, आणि खालच्या लेखात तिचंच म्हणणं कोरलेलं: देवांनी मला लग्नाऐवजी हे नाव दिलं, मी कायम कुमारिकाच म्हणवली जाईन. उत्तर ग्रीसमधल्या व्हेर्गीनाच्या १९७७ साली उघडलेल्या एका थडग्यात पर्सेफनीच्या अपहरणाचं चित्र आहे. रथात हेडीज, हात पसरून ओढ घेणारी मुलगी, आणि दुसऱ्या भिंतीवर दगडावर एकटी बसलेली डिमीटर.

शेतीचं अंगही वाटतं तितकं सोपं नाही. ग्रीसमध्ये गहू आणि सातू आपल्या रब्बीसारखे शरदात पेरतात आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी काढतात. हिवाळ्यात शेतं हिरवी असतात. जमीन करपते ती उन्हाळ्यात. मग पर्सेफनी गायब असते ती नेमकी कधी? स्वीडिश अभ्यासक मार्टिन निल्सन यांनी असं मांडलं की कापणीनंतरचे उन्हाळ्याचे चार महिने बियाणं पेवात, म्हणजे जमिनीखाली असतं, आणि तोच तिचा पाताळातला काळ. स्तोत्रात मात्र ती वसंताच्या फुलांबरोबर वर येते, त्यामुळे निल्सन यांचं म्हणणं सर्वांना पटलेलं नाही. पण धान्य जमिनीखाली जातं आणि पेरणीला पुन्हा वर काढलं जातं, हे ज्याने पाहिलंय त्याला त्यातली ताकद कळेल. पेरणीआधी विवाहित स्त्रिया थेस्मोफोरिया हा डिमीटरचा तीन दिवसांचा सण पाळत. पुरुषांना तिथे मज्जाव असे. दुसरा दिवस उपासाचा. खड्ड्यात टाकलेल्या डुकरांचे कुजलेले अवशेष वर काढून स्त्रिया ते बियाण्यात मिसळत.

एल्युसिस अथेन्सच्या ताब्यात आल्यावर कथेला राजकारणही चिकटलं. स्तोत्रात त्रिप्टोलेमस हा गावातल्या अनेक सरदारांपैकी एक. अथेन्सने त्याला जगभर धान्य वाटणारा वीर केलं. इसवी सनापूर्वी पाचव्या शतकातल्या एका शिलालेखात हुकूम आहे: अथेन्सच्या आणि मित्रनगरांच्या शेतकऱ्यांनी सातूचा सहाशेवा आणि गव्हाचा बाराशेवा भाग एल्युसिसला द्यावा.

तरीही डिमीटर आणि पर्सेफनीसाठीचे तिथले गूढविधी बऱ्याच बाबतींत खुले होते. ग्रीक बोलणारा आणि हातून खून न झालेला कोणीही दीक्षा घेऊ शके. स्त्रिया आणि गुलामसुद्धा. लोक समुद्रस्नान करून मिरवणुकीने चालत जात, वाटेतल्या पुलावर त्यांची टवाळी होई, आणि तिथे ते डिमीटरने प्यायलेलं सातूचं पाणी पीत. पुढे सभागृहात काय होई ते सांगायला बंदी होती, आणि शिक्षा मरणाची. इसवी सनापूर्वी ४१५ मध्ये या विधींची घरात नक्कल केल्याच्या आरोपावरून अल्किबायडीजसारख्या सेनापतीला परागंदा व्हावं लागलं. त्या सभागृहात हजारो माणसं बसत, आणि इतक्या पिढ्यांत कोणी नीट लिहून ठेवलं नाही. एका ख्रिस्ती लेखकाने नंतर लिहिलं की शांततेत कापलेलं धान्याचं कणीस दाखवत.

या दीक्षितांमध्ये एक भारतीयही होता. सम्राट ऑगस्टसकडे गेलेल्या भारतीय शिष्टमंडळातला हा माणूस भडोचचा होता, असं ग्रीक भूगोलकार स्ट्रॅबो सांगतो. इतिहासकार डिओ कॅसिअसच्या मते त्याला अवेळी दीक्षा देण्यात आली. मग अथेन्समध्ये त्याने स्वतःहून चितेत उडी घेतली. त्याच्या थडग्यावर लिहिलं होतं की भारतीयांच्या पूर्वापार रीतीने त्याने स्वतःला अमर केलं.

चौथ्या शतकाच्या अखेरीस सम्राट थिओडोसिअसने जुन्या पूजांवर बंदी घातली आणि ३९६ च्या सुमारास गॉथ टोळ्यांचा राजा अलारिक याच्या सैन्याने एल्युसिस उद्ध्वस्त केलं. स्तोत्रही विस्मरणात गेलं. त्याची आज उपलब्ध असलेली जवळजवळ एकमेव प्रत क्रिस्टियान मात्थाइ यांना १७७७ साली मॉस्कोत सापडली. ती आता नेदरलंड्समधल्या लायडनमध्ये आहे.

गावाला मात्र त्या पोथीची गरज पडली नव्हती. एडवर्ड क्लार्क हा इंग्रज प्रवासी १८०१ साली एल्युसिसला पोहोचला, तेव्हा खळ्याजवळ एका स्त्रीमूर्तीभोवती शेणखत रचलेलं होतं. शेकडो वर्षं ख्रिस्ती असलेले गावकरी म्हणत, ही गेली तर पीक जाईल. क्लार्कने तुर्की अधिकाऱ्याला दुर्बीण देऊन परवानगी मिळवली. हलवण्याच्या आदल्या संध्याकाळी एका बैलाने सुटून मूर्तीला धडक दिली, तेव्हा गावकरी आणखीच घाबरले. तरी ती नेलीच. तिचं जहाज इंग्लंडच्या बीची हेडजवळ बुडालं, पण मूर्ती काढता आली आणि केंब्रिजला गेली. ती आज तिथल्या फिट्झविल्यम संग्रहालयात आहे.

क्लार्कला ती डिमीटर वाटली होती. प्रत्यक्षात ती देवळाच्या आतल्या प्रवेशद्वारावर छत तोलणाऱ्या दोन सेविकांपैकी एक, डोक्यावर पवित्र पेटी घेतलेली. दुसरी एल्युसिसच्याच संग्रहालयात आहे, आणि पहिलीने तिच्या शेजारी परत यावं असं मला मनापासून वाटतं.