श्रेय दिले म्हणजे परवानगी मिळाली असे नाही

वारली चित्रकलेवर किंवा पंढरीच्या वारीवर व्हिडिओ करताना तळाशी ‘छायाचित्र साभार’ एवढे लिहिले की आपली जबाबदारी संपली, असा समज रूढ आहे. त्यात श्रेय आणि परवानगी यांची गल्लत होते. श्रेय प्रेक्षकाला सांगते की हे काम कोणाचे. परवानगी ज्याचे काम आहे त्याच्याकडे, तीही वापरण्याआधी, मागायची असते.

नामवंत वारली चित्रकार जिव्या सोमा मशे यांचे चित्र पार्श्वभूमी म्हणून वापरायचे असेल, तर त्यांचे नाव ठळक छापूनही भागत नाही. १९५७ च्या कायद्यानुसार चित्रावरील कॉपीराइट चित्रकाराच्या हयातीत आणि मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो, त्यामुळे हक्कधारकाची संमती लागते. त्याच चित्राच्या समीक्षेसाठी उचित प्रमाणात वापर करण्याची सवलत कायद्यात आहे. पण पार्श्वभूमीची सजावट म्हणजे समीक्षा नव्हे, हे सांगावे लागते.

वारली लग्नचौकाची गोष्ट निराळी आहे. सवाशिणींनी तांदळाच्या पिठाने घराच्या भिंतीवर काढलेला, मध्ये पालघट देवी असलेला चौक ही परंपरेची ठेव आहे. वारली चित्रकलेला २०१४ मध्ये मिळालेले भौगोलिक मानांकनही (विशिष्ट प्रदेशाशी जोडलेल्या उत्पादनाच्या नावाला मिळणारे कायदेशीर संरक्षण) एका चित्रकाराचे नसून समूहाचे आहे. येथे कायदा फारसा आडवा येणार नाही, तरीही हा चौक लग्नविधीचा भाग असल्यामुळे चित्रण करण्यापूर्वी घरच्यांना विचारणे भागच आहे. श्रेयही ‘आदिवासी कला’ असे मोघम नसावे. जमात, पाडा आणि काढणारणींची हरकत नसेल तर त्यांची नावे द्यावीत.

उलट, जून २०२५ मध्ये प्राडा या इटालियन फॅशन कंपनीने मिलानमध्ये कोल्हापुरीसारख्या चपला दाखवल्या, तेव्हा पहिला आक्षेप श्रेयाचाच होता. टीका झाल्यावर कंपनीने प्रेरणा मान्य केली खरी, पण मागाहून दिलेले श्रेय आधीच्या संमतीची जागा घेऊ शकत नाही.

वारीत तर श्रेय कधी कधी अपायकारकच ठरते. चंद्रभागेत स्नान करणाऱ्या बाईचे छायाचित्र तिला न विचारता टिपून खाली तिचे नाव-गाव लिहिले, तर तो तिचा सन्मान नसून तिच्या खासगीपणावर दुसऱ्यांदा केलेले आक्रमण असते.