सम्राट यंत्र आणि दोन सेकंदांचा दावा

जयपूरच्या जंतरमंतरमधलं सम्राट यंत्र हे सूर्यघड्याळ आजही आपल्या घड्याळाशी दोन सेकंदांच्या आत जुळतं, असा मेसेज वर्षानुवर्षं फिरतोय. तो चुकीचा आहे.

सवाई जयसिंगांनी 18व्या शतकात उभारलेलं हे सुमारे 27 मीटर उंचीचं यंत्र तिथल्या सूर्याची वेळ दाखवतं. आपली घड्याळं 82.5 अंश पूर्व रेखांशावर चालतात, जयपूर त्याच्या पश्चिमेला. त्यामुळे सुमारे 27 मिनिटांचा फरक कायमचा. त्यात पृथ्वीच्या कक्षेमुळे आणि कललेल्या अक्षामुळे सूर्य कधी पुढे, कधी मागे. म्हणून जयपूरची खरी मध्यान्ह नोव्हेंबरच्या सुरुवातीला साधारण 12:10ला, तर फेब्रुवारीच्या मध्यास 12:41ला होते.

मग दोन सेकंद आले कुठून? यंत्रावरच्या सर्वांत बारीक खुणा दोन-दोन सेकंदांच्या आहेत, आणि सावली सेकंदाला जेमतेम एक मिलिमीटर सरकते. पण सूर्य बिंदू नाही, आकाशात अर्धा अंश रुंद दिसणारी तबकडी आहे. सावलीची कड दहा सेंटिमीटरहून रुंद पट्ट्यात पुसट होत जाते. नेमकी रेघ सापडावी म्हणून निरीक्षक सावलीत ताणलेली दोरी धरत. खरं कौतुक या युक्तीचं व्हायला हवं!