जुन्या तळावर नवा तळ

एक विश्व कल्पूया. तिथंही कोल्हापूर आहे, चप्पल लाईन आहे. फरक एकच: लाईनमधल्या एका दुकानातलं कपाट असं आहे, की त्यात 2035 साली ठेवलेली वस्तू 2025 साली बाहेर निघते. 2025 च्या एका सकाळी दुकानदाराला त्यात एक कापशी चप्पल सापडते. तो ती विकतो. गिऱ्हाईक दहा वर्षं वापरतं आणि 2035 ला त्याच कपाटात ठेवून जातं. मग ती शिवली कुणी?

‘पहिल्यांदा कुणीतरी शिवलीच असेल की!’ असं लगेच म्हणावंसं वाटतं. पण इथं पहिली फेरी, दुसरी फेरी असलं काही नाही. 2025 साल एकदाच येतं आणि 2035 ही एकदाच. काळप्रवासाच्या बहुतेक गप्पा फेऱ्या मोजायच्या नादातच भरकटतात.

कपाट काल्पनिक असलं तरी प्रश्न हवेतला नाही. 1949 साली तर्कशास्त्रज्ञ कर्ट गोडेल यांनी आइनस्टाइनच्या गुरुत्वाकर्षणाच्या समीकरणांचं एक उत्तर शोधलं. त्यातलं विश्व अखंड फिरत असतं, आणि पुढंच जात राहिलेला प्रवासी स्वतःच्या भूतकाळात पोचू शकतो. आपलं विश्व तसं नाही. समीकरणांना मात्र त्याचं वावडं नाही.

आता चप्पल जवळून बघू. चामडं झिजतं. पण 2035 ला ठेवलेली आणि 2025 ला निघालेली चप्पल एकच, म्हणजे दोन्ही वेळची अवस्था तंतोतंत सारखी हवी. त्यामुळे मधे कधीतरी दुरुस्ती झालीच पाहिजे. समजा 2030 साली मोची तळ बदलतो. कान आणि वेणी आणखी कधीतरी. बाभळीच्या सालीत कमावलेलं ताजं चामडं घेऊन तो नवा तळ कापतो. हा तळ 2035 पर्यंत झिजतो, तिथून 2025 ला येतो, आणखी पाच वर्षं झिजतो आणि 2030 साली उतरवला जातो. कुठला? मोची उतरवतोय तोच! एका हातात कोरा तळ, दुसऱ्या हातात झिजलेला, आणि दोन्ही एकच चामडं.

चामड्याचा हिशोब लागला. ते बाहेरून आलं, बाहेर गेलं. माप कुठून आलं? मोचीनं जुना तळ नव्या चामड्यावर ठेवून त्याच्या कडेनं रापी फिरवली. म्हणजे तळाचं माप त्या तळानंच ठरवलं.

थोडं गणित करू. दहा वर्षांत तळ लांबीला 2 मिलिमीटर झिजतो असं धरा. मोचीनं हुबेहूब माप घेतलं तर नवा तळ जुन्याएवढा हवा, आणि जुना तर नव्यापेक्षा 2 मिलिमीटरनं कमी. जमत नाही. असा काटेकोर मोची त्या विश्वात असूच शकत नाही. त्यानं नेमके 2 मिलिमीटर जास्त सोडले तर कुठलंही माप चालतं: सात नंबर, आठ नंबर, काहीही. हा दुसरा प्रकार मला जास्त अस्वस्थ करतो. 1991 साली एचेव्हेरिया, क्लिंकहॅमर आणि थॉर्न या भौतिकशास्त्रज्ञांनी काळात मागं नेणाऱ्या, बोगद्यासारख्या विवरात शिरणाऱ्या बिलियर्डच्या चेंडूचं गणित मांडलं, तेव्हा त्यांच्याही पदरी हेच पडलं: सुरुवात एकच, आणि विसंगती नसलेली उत्तरं मात्र अनंत.

पहिल्या प्रकारचा, उत्तरच न जमणारा पेच भौतिकशास्त्रज्ञ व्हीलर आणि फाइनमन यांनी 1949 च्या निबंधात भविष्याकडून मागं येणाऱ्या विद्युतचुंबकीय परिणामांतून रचला होता. परिणाम ‘आहे किंवा नाही’ असा नसतो, थोडा कमी थोडा जास्त असा असतो, म्हणून मधलं कुठलंतरी जुळणारं उत्तर निघतं, असं त्यांचं म्हणणं. (मागं येणाऱ्या परिणामांचा त्यांचा हाच सिद्धान्त साठच्या दशकात खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉयल यांच्या जोडीनं विश्वरचनाशास्त्रात नेणारे जयंत नारळीकर 1938 साली जन्मले ते कोल्हापुरातच.)

ती युक्ती इथं लावू. मोची जुनं माप बघतो, पण गिऱ्हाइकाला सांगतो, ‘पाय ठेवा मालक’, आणि दोहोंच्या मधोमध कापतो. पाऊल 260 मिलिमीटर असेल, तर एकच उत्तर उरतं: नवा तळ 258, जुना 256. पाय कपाटाच्या भानगडीबाहेरचा, त्यानं चकरेत जरा हात घातला आणि मापाला कारण मिळालं.

वेणीबाबत पाय काहीच सांगत नाही. जुनी समोर ठेवून नवी विणली आणि तिच्यात एक पेड चुकलेला असला, तर ती चूक कुणाच्या हातून झाली याचं उत्तर कुठल्याच समीकरणात नाही.