आधी गोळी, मग सिद्धांत : स्किझोफ्रेनिया आणि भावविकारांच्या जीवशास्त्राची पार्श्वभूमी

स्किझोफ्रेनिया म्हणजे मेंदूत डोपामिन जास्त, नैराश्य म्हणजे सेरोटोनिन कमी (दोन्ही मेंदूतल्या पेशींमध्ये निरोप नेणारी रसायनं). ही दोन वाक्यं इतकी रुळली आहेत की कुणीतरी रुग्णांच्या मेंदूत मोजमाप करूनच ती लिहिली असावीत असं वाटतं. तसं झालेलं नाही. आधी औषधं सापडली, तीही बहुतेक भलत्याच कामासाठी बनवलेली. ती मेंदूत काय करतात हे मागाहून कळलं आणि त्यावरून आजार काय असेल याचा उलटा अंदाज बांधला गेला. या विषयातले बरेचसे गोंधळ या उलट्या वाटेने आले आहेत.

एमिल क्रेपेलिन यांनी १८९९ मध्ये गंभीर मनोविकारांची दोन खाती पाडली. एकात ऐन तारुण्यात सुरू होऊन माणसाला पोखरत नेणारा ‘डिमेन्शिया प्रीकॉक्स’, दुसऱ्यात येऊन-जाऊन राहणारा उन्माद-अवसाद. पहिल्याला ऑयगेन ब्लॉयलर यांनी १९०८ मध्ये स्किझोफ्रेनिया हे नाव दिलं. ही वाटणी प्रयोगशाळेतून आलेली नव्हती. आजार पुढे कसा वळण घेतो, यावरच ती उभी होती. मेंदूत काही सापडेल ही आशा मात्र दांडगी होती. म्युनिकमध्ये क्रेपेलिन यांच्याच विभागात अलॉइस अल्झायमर मेंदूचे काप सूक्ष्मदर्शकाखाली पाहत होते आणि स्मृतिभ्रंशात त्यांना ठळक बदल दिसलेही. १९१३ मध्ये नोगुची आणि मूर यांनी वेडाच्या एका प्रकारात मेंदूतच सिफिलिसचे जंतू दाखवले. स्किझोफ्रेनियाच्या कापांत मात्र बोट ठेवावं असं काही मिळेना.

मग रक्तात, लघवीत विष शोधणं सुरू झालं. १९६२ मध्ये रुग्णांच्या लघवीतून कागदावर ‘गुलाबी डाग’ उमटवणारं रसायन मिळाल्याचा बोलबाला झाला. आहार आणि औषधांचा हिशेब धरल्यावर तो फरक टिकला नाही. रुग्ण महिनोन् महिने रुग्णालयाचं जेवण आणि औषधं घेत असतात, तुलनेतली निरोगी माणसं घरी असतात. हा साधा मुद्दा विसरण्याची चूक या क्षेत्रात पुन्हा पुन्हा झाली.

उन्मादावरचं औषध लिथियमही विषाच्याच कल्पनेतून हाती लागलं. ऑस्ट्रेलियात जॉन केड उन्मादाच्या रुग्णांची लघवी गिनीपिगना टोचून पाहत होते. संशय यूरिक ॲसिडवर आला, पण ते पाण्यात नीट विरघळत नाही, म्हणून त्यांनी त्याचा विरघळणारा क्षार घेतला : लिथियम यूरेट. प्राणी सुस्त पडले. यूरिक ॲसिड वगळून नुसतं लिथियम कार्बोनेट दिलं तरी तेच. (त्या बिचाऱ्यांना बहुधा विषबाधाच झाली होती.) १९४९ मध्ये केड यांनी उन्मादाच्या दहा रुग्णांचा अनुभव छापला. रक्तातली पातळी पाहत डोस ठरवण्याची पद्धत तेव्हा नव्हती, आणि त्यांचा पहिला रुग्ण पुढे लिथियमच्या विषबाधेनेच दगावला. आता शेवटच्या गोळीनंतर १२ तासांनी रक्त घेतात. साधारण ०.६ ते १.० मिलिमोल प्रतिलिटर ही कामाची पातळी, १.५ च्या वर धोका. मूत्रपिंड लिथियमला सोडियमसारखंच वागवतं. जुलाब झाले, मीठ एकदम तोडलं, थायझाइड गटाची रक्तदाबाची गोळी किंवा आयब्युप्रोफेनसारखं वेदनाशामक चालू केलं, की लिथियम बाहेर पडेनासं होतं आणि डोस न बदलता पातळी चढते. हात जोरात थरथरू लागले, तोल जाऊ लागला, उलट्या झाल्या, जीभ जड झाली, तर रक्त तपासायचंच.

बाकीची औषधंही आडवाटेनेच आली. क्लोरप्रोमाझिन शस्त्रक्रियेच्या वेळी वापरून पाहिलं जात होतं. १९५२ मध्ये पॅरिसच्या सेंट-ॲन रुग्णालयात डिले आणि डेनिकर यांनी ते मनोरुग्णांना दिलं. आयप्रोनियाझिड क्षयाचं औषध. ते घेणारे क्षयरोगी अचानक उल्हसित दिसू लागले. इमिप्रामिन स्वित्झर्लंडमध्ये रोलांड कुन यांनी स्किझोफ्रेनियासाठी तपासलं. तिथे फसलं, नैराश्यात चाललं. सर्पगंधेचा रक्तदाबावरचा उपयोग रुस्तम वकील यांनी १९४९ मध्ये ‘ब्रिटिश हार्ट जर्नल’मधून जगापुढे ठेवला होता, त्याच वनस्पतीतलं रिसर्पिन मेंदूतले रासायनिक साठे रिकामे करतं हे लवकरच कळलं. १९५७ मध्ये आर्विद कार्लसन यांनी रिसर्पिन दिलेल्या सशांना एल-डोपा टोचलं. निपचित पडलेले, कान खाली सोडलेले ससे थोड्याच वेळात उठून हिंडू लागले. एल-डोपापासून शरीर डोपामिन बनवतं. तोवर नॉरॲड्रेनलिन या दुसऱ्या निरोप्या रसायनाच्या वाटेवरचा टप्पा समजलं जाणारं डोपामिन स्वतःच निरोप्या आहे, हे इथून पुढे मानलं गेलं.

१९६३ मध्ये कार्लसन आणि लिंडक्विस्ट यांनी पाहिलं की क्लोरप्रोमाझिन किंवा हॅलोपेरिडॉल दिलेल्या उंदरांत डोपामिन वापरून झाल्यावर उरणारी द्रव्यं वाढतात. त्यांचा तर्क असा, की पलीकडच्या पेशीवरचा निरोप घेणारा रिसेप्टर अडला आहे, निरोप पोचत नाही, म्हणून पेशी जास्त सोडते आहे. १९७६ मध्ये सीमन आणि स्नायडर यांच्या प्रयोगशाळांनी वेगवेगळं काम करून एकच उत्तर काढलं : औषध डोपामिनच्या डी-२ या रिसेप्टरला जितकं घट्ट चिकटतं, तितका त्याचा रोजचा डोस कमी लागतो. १०० मिलिग्रॅम क्लोरप्रोमाझिनचं काम सुमारे २ मिलिग्रॅम हॅलोपेरिडॉल का करतं, ते इथे उलगडलं. पुढे जिवंत मेंदूत औषध किती चिकटलं ते दाखवणाऱ्या पेट स्कॅनने आकडेही दिले. साधारण ६५ टक्के डी-२ रिसेप्टर व्यापले की गुण येण्याची शक्यता वाढते. ७८ टक्क्यांच्या पुढे अंग आखडणं, कंप, बेचैनी वाढते. ही फट अरुंद आहे, म्हणून भास थांबत नाहीत तर डोस दुप्पट करा, हा हिशेब बहुधा अंगाशी येतो.

डोपामिनच्या कथेत स्किझोफ्रेनियाचं क्लोझापिन हे औषध बसत नाही. ते डी-२ फार व्यापत नाही, तरी १९८८ च्या अभ्यासात इतर औषधांना दाद न दिलेल्या रुग्णांपैकी ३० टक्के त्यावर सुधारले. क्लोरप्रोमाझिनवर ४ टक्के. १९७५ मध्ये फिनलंडमध्ये त्याने पांढऱ्या पेशी घटून मृत्यू झाले नसते, तर हा प्रश्न बराच आधी विचारला गेला असता.

नैराश्याच्या सिद्धांताची वीण आणखी सैल निघाली. जोसेफ शिल्डक्राउट यांनी १९६५ मध्ये नॉरॲड्रेनलिनची कमतरता मांडली, नंतर रोख सेरोटोनिनकडे वळला. पण गोळी सेरोटोनिनचं पुनर्ग्रहण (सोडलेलं रसायन पेशीने परत आत ओढणं) काही तासांत अडवते, मन उभारी धरायला दोन ते चार आठवडे जातात. सेरोटोनिन ज्यापासून बनतं ते ट्रिप्टोफॅन आहारातून काढून सेरोटोनिन घटवलं, तर सेरोटोनिनच्या गोळ्यांवर बरे झालेले काही जण पुन्हा खचतात. निरोगी माणसांना सहसा काही होत नाही. १९८१ मध्ये डेक्सामेथासोन चाचणीने मोठी आशा लावली. रात्री ११ वाजता १ मिलिग्रॅम गोळी, दुसऱ्या दिवशी रक्तातलं कॉर्टिसॉल, म्हणजे या गोळीने एरवी दबणारं ताणाचं संप्रेरक. ते ५ मायक्रोग्रॅम प्रति डेसिलिटरच्या वर राहिलं तर गंभीर नैराश्य. अडचण अशी, की वजन उतरलेल्यांत, दारू नुकती सोडलेल्यांत, स्मृतिभ्रंशातही ते वरच राहतं. निदानाची चाचणी म्हणून ती मागे पडली.

औषधांवर न टेकलेला पुरावा दोन ठिकाणांहून आला. १९६६ मध्ये लिओनार्ड हेस्टन यांनी स्किझोफ्रेनिया असलेल्या आयांपासून जन्मताच दूर वाढलेली ४७ मुलं मोठेपणी तपासली. पाच जणांना तोच आजार निघाला, तुलनेतल्या ५० मध्ये एकालाही नाही. ‘आईच्या वागण्याने आजार होतो’ या त्या काळच्या समजाला हा मोठा धक्का होता. दहा वर्षांनी जॉनस्टन आणि क्रो यांनी सिटी स्कॅनवर रुग्णांच्या मेंदूतल्या पोकळ्या रुंदावलेल्या दाखवल्या. सरासरीत फरक खरा, पण एकेकट्या रुग्णाचं स्कॅन पाहून निदान करता येत नाही. २०२२ पर्यंत जनुकसंचातल्या २८७ जागा स्किझोफ्रेनियाशी जोडल्या गेल्या. एकेकीचा वाटा नगण्य. स्किझोफ्रेनिया आणि बायपोलर (उन्माद-अवसादाचं आजचं नाव) यांचा जनुकीय सहसंबंध सुमारे ०.७ निघाला (१ म्हणजे पूर्ण सारखे), म्हणजे क्रेपेलिन यांची दोन खाती जनुकांच्या पातळीवर वेगळी राहत नाहीत.

सप्टेंबर २०२४ मध्ये अमेरिकेत डी-२ ला हात न लावणारं स्किझोफ्रेनियाचं पहिलं औषध मंजूर झालं. त्यातलं झॅनोमेलिन १९९० च्या दशकात अल्झायमरसाठी तपासलं होतं. स्मृतीपेक्षा भास आणि भ्रम कमी झालेले डोळ्यांत भरले, पण मळमळ, उलट्या आणि घामामुळे ते बाजूला पडलं. आता त्याच्या जोडीला ट्रॉस्पियम देतात. ते मेंदूत जवळपास शिरत नाही, पोटात आणि घामाच्या ग्रंथींत झॅनोमेलिनला रोखतं.