लिपी थांबली, बोलणे पुढे गेले : ग्रीक भाषेची पार्श्वभूमी

ग्रीक ही जवळजवळ साडेतीन हजार वर्षांचा लिखित पुरावा असलेली आणि आजही घराघरांत बोलली जाणारी भाषा आहे, असे नेहमी सांगितले जाते. ते खरे आहे, पण त्यातून एक गैरसमजही होतो. अथेन्सच्या आजच्या वर्तमानपत्रातले पुष्कळ शब्द प्लेटोच्या लेखनातल्या शब्दांशी अक्षरशः जुळतात, म्हणून भाषा फारशी बदललीच नाही असे वाटू लागते. बदलले नाही ते लेखन. अथेन्सने इ.स.पू. ४०३ च्या सुमारास अधिकृत केलेली २४ अक्षरे आणि त्यांच्याभोवती घट्ट झालेले शुद्धलेखन टिकून राहिले. त्याखालचे उच्चार, विभक्ती आणि क्रियापदांची रूपे मात्र सरकत गेली. म्हणून या भाषेचा इतिहास थोर ग्रंथांपेक्षा अशुद्ध लिहिणाऱ्यांच्या चुकांतून अधिक स्पष्ट वाचता येतो.

सर्वांत जुना पुरावा मातीच्या पाट्यांचा. आर्थर इव्हान्स यांना १९०० पासून क्रीट बेटावरच्या क्नोसोस इथे आणि कार्ल ब्लेगेन यांना १९३९ मध्ये ग्रीसच्या मुख्य भूमीवर पायलॉस इथे त्या सापडल्या. कारकुनांनी त्या मुद्दाम भाजलेल्या नव्हत्या. राजवाडे जळाले, त्या आगीत कच्ची माती भाजून निघाली आणि त्या वर्षीचा हिशेब टिकला. त्यांवरच्या लिपीला 'लिनिअर बी' म्हणतात. शब्दांच्या शेवटी चिन्हे ठरावीक रीतीने बदलतात, म्हणजे ही विभक्ती असलेली भाषा असावी, हे ॲलिस कोबर यांनी दाखवले. त्या पायावर व्यवसायाने वास्तुविशारद असलेल्या मायकेल व्हेंट्रिस यांनी १९५२ मध्ये उकल केली आणि जॉन चॅडविक यांच्यासोबत ती सविस्तर मांडली. भाषा ग्रीक निघेल अशी खुद्द व्हेंट्रिस यांनाही आधी अपेक्षा नव्हती.

ही उकल खरी का, ही शंका मिटवली ती पायलॉसच्या एका पाटीने. तिच्यावर भांड्यांची यादी आहे. 'ति-रि-पो-दे' या शब्दापुढे तीन पायांच्या भांड्याचे चित्र आणि २ हा आकडा. चार कानांच्या भांड्याच्या चित्राजवळ 'क्वे-तो-रो-वे', तीन कानांच्या चित्राजवळ 'ति-रि-ओ-वे', बिनकानांच्या चित्राजवळ 'आ-नो-वे'. चित्रे आणि वाचन इतके नेमके जुळणे योगायोगाने शक्य नव्हते. शिवाय 'तिरिपोदे' हे द्विवचन आहे. संस्कृतसारखेच तीन वचने असलेल्या काळातले.

लिपी मात्र या भाषेला तोकडी पडत होती. प्रत्येक चिन्ह म्हणजे एक स्वर, किंवा एक व्यंजन आणि एक स्वर. र आणि ल यांत फरक नाही, क-ख-ग यांना एकच चिन्ह, आणि शब्दाच्या शेवटचे स, न, र बहुधा गाळलेले. त्यामुळे 'खाल्कोस' (कांसे) हा शब्द 'का-को' असा लिहावा लागे, आणि 'पा-ते' हे 'पातेर' (बाप) की 'पान्तेस' (सगळे) ते संदर्भावरून ठरवायचे. कोठारातल्या मेंढ्या, लोकर आणि तेल मोजायला एवढे पुरत होते. काव्य लिहायला पुरले नसते. इ.स.पू. १२०० च्या सुमारास राजवाडे कोसळले, हिशेबनीस गेले आणि त्यांच्यासोबत लिपीही गेली. पुढची सुमारे चार शतके ग्रीसमध्ये लेखनाचा मागमूस नाही.

या पाट्यांमुळे संस्कृतशी असलेले नातेही एक पायरी मागे जाऊन तपासता आले. पाटीवरच्या 'क्वेतोरो'मधला 'क्व' पुढे अथेन्सच्या बोलीत 'त' झाला ('तेत्तारेस'). संस्कृतात त्याच मूळ ध्वनीचा 'च' होऊन 'चत्वारः' झाले. सप्त–हेप्ता, दश–देका, भरामि–फेरो या जोड्या प्रसिद्धच आहेत. त्याहून बोलका दाखला 'धा' या धातूचा. द्वित्व होऊन (पहिले अक्षर दोनदा येऊन) 'धधामि' व्हायला हवे, पण दोन महाप्राण (ध, थ, फ असे ह मिसळलेले ध्वनी) लागोपाठ आल्यावर पहिला अल्पप्राण होतो, म्हणून 'दधामि'. ग्रीकमध्ये त्याचा जोडीदार 'तिथेमि'. हेर्मान ग्रासमान यांनी १८६३ मध्ये हा नियम दोन्ही भाषांसाठी मांडला. पण तो दोघींना वारशात मिळालेला नाही. वारशात मिळाला असता तर ग्रीकमध्ये 'दिथेमि' दिसले असते. ग्रीकने आधी ध चा थ केला, 'थिथेमि' झाले, आणि मग पहिला थ त वर आला. म्हणजे सारखाच बदल दोन्हीकडे स्वतंत्रपणे घडला.

इ.स.पू. आठव्या शतकात ग्रीक पुन्हा लिहिते झाले, ते फिनिशियन व्यापाऱ्यांची अक्षरे उचलून. फिनिशियन ही सेमिटिक भाषा. तिच्या लिपीत फक्त व्यंजने. त्यांतली काही व्यंजने ग्रीकमध्ये नव्हतीच, आणि ती अक्षरे ग्रीकांनी स्वरांना लावली. आलेफचे 'आल्फा' झाले, हे चे 'एप्सिलॉन', आयिनचे 'ओमिक्रॉन'. स्वर आणि व्यंजने एकाच ओळीत, बरोबरीच्या मानाने लिहिण्याची पद्धत इथे पक्की झाली. सुरुवातीला गावागणिक अक्षरमाला वेगळी होती, लेखनाची दिशाही ठरलेली नव्हती. पुष्कळ शिलालेखांत एक ओळ उजवीकडून, तर पुढची डावीकडून. पश्चिमेकडच्या ग्रीकांची अक्षरमाला इटलीत एत्रुस्कन लोकांमार्फत रोमनांकडे गेली. त्या पश्चिमी प्रकारात एक्ससारखे अक्षर 'क्स'साठी होते, पूर्वेकडे तेच 'ख'साठी. म्हणूनच रोमन एक्स आणि ग्रीक 'खी' दिसायला सारखे, वाचायला वेगळे.

बोलीही अनेक होत्या: अथेन्सची ॲटिक आणि तिची सख्खी बहीण आयोनिक, शिवाय डोरिक, एओलिक, आर्केडो-सायप्रियट. अथेन्सच्या बोलीला अखिल ग्रीक भाषेचा पाया केले ते अथेन्सने नव्हे, मॅसिडोनियाच्या दरबाराने. दुसऱ्या फिलिपच्या काळापासून तिथला कारभार ॲटिकमध्ये चाले, आणि अलेक्झांडरच्या सैन्यामागून तीच घासूनपुसून सोपी झालेली भाषा इजिप्तपासून बॅक्ट्रियापर्यंत (आजच्या अफगाणिस्तानाचा उत्तर भाग) गेली. ही 'कोइने', म्हणजे सर्वांची भाषा. बायबलचा नवा करार याच भाषेत आहे.

भारताशी तिचा संबंध थेट आहे. अशोकाचा ग्रीक आणि ॲरामाइक भाषांतला शिलालेख १९५८ मध्ये कंदाहारला उजेडात आला. त्यात धम्मासाठी 'युसेबेइया' (भक्तिभाव) हा शब्द योजला आहे. इ.स.च्या पहिल्या शतकातले 'पेरिप्लस' हे समुद्रव्यापाराचे मार्गदर्शक कोइनेतच आहे. त्यात कल्याण, पैठण आणि तगर (आजचे तेर) येतात, दक्षिणेला इथले लोक 'दाखानोस' म्हणतात अशी नोंद येते, आणि मेनँडर व अपोलोडोटस या इंडो-ग्रीक राजांची ग्रीक अक्षरांची जुनी नाणी भडोचला अजून चालतात, असेही म्हटले आहे. नाशिकजवळ जोगळटेंभी इथे १९०६ मध्ये सापडलेल्या तेरा हजारांहून अधिक चांदीच्या नाण्यांवर तर याची पुढची अवस्था दिसते. ती क्षहरात घराण्यातल्या क्षत्रप राजा नहपानाची. त्यांतल्या बहुसंख्य नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीने आपला छाप पुन्हा मारला. मुळात एका बाजूस ब्राह्मी आणि खरोष्ठी, दुसऱ्या बाजूस ग्रीक अक्षरे. पण ग्रीक अक्षरांत लिहिलेली भाषा प्राकृत. क्षत्रपांच्या नंतरच्या नाण्यांवर ती अक्षरे नुसती नक्षी होऊन बसली, कारण साचा कोरणाऱ्याला ती वाचता येत नव्हती.

ज्योतिषातून आलेले शब्द जास्त टिकले: होरा, केंद्र, जामित्र, द्रेष्काण, पणफर. 'एपानाफोरा'चा 'पणफर' झाला म्हणजे तेव्हा ग्रीक फ 'फळ'मधल्या फ सारखाच होता, असा निष्कर्ष कधीकधी काढतात. तो काढू नये. 'फोटो'मधला फ संस्कृतात नव्हताच, त्यामुळे मूळ उच्चार कोणताही असला तरी फ हेच अक्षर वापरावे लागले असते. ग्रीक फ, थ, ख हे आधी खरे महाप्राण होते आणि नंतर घर्षक ('फोटो'मधल्या फ सारखे, हवा घासत जाणारे) झाले, याचे पुरावे इतर आहेत. रोमनांनी जुने ग्रीक शब्द उसने घेताना त्यांना स्वतःचे एफ असूनही आधी पी आणि मग पी-एच वापरले, हा त्यांतला चांगला पुरावा.

ब चा व झाला आणि दीर्घ ए चा ई झाला, हे एका मेंढराने सिद्ध केले. इ.स.पू. पाचव्या शतकातला विनोदी नाटककार क्राटिनोस याच्या एका ओळीत मूर्ख माणूस मेंढरासारखा 'बे बे' करत चालतो. तीच अक्षरे आजच्या ग्रीक उच्चाराने वाचली तर मेंढरू 'वी वी' म्हणते. मेंढरे बदललेली नाहीत.

सर्वांत जास्त पडझड स्वरांची झाली. इओटा, एटा, युप्सिलॉन आणि एइ, ओइ, युइ या जोड्या अशा सहा वेगळ्या लेखनांचा उच्चार अखेरीस एकच झाला: 'ई'. इजिप्तमध्ये ऑक्सिरिंखस इथल्या उकिरड्यांत सापडलेल्या पपायरसांवर (लव्हाळ्यापासून केलेल्या कागदांवर) ही क्रिया चालू असताना दिसते. इ.स.च्या दुसऱ्या-तिसऱ्या शतकातले थेऑन नावाच्या मुलाचे बापाला लिहिलेले पत्र घ्या. बाप त्याला शहरात सोबत नेत नाही म्हणून मुलगा रुसला आहे. तुमच्याशी बोलणार नाही, जेवणार नाही, पिणार नाही, अशा धमक्या आहेत. 'थेलेइस' (तुम्हाला हवे आहे) या शब्दात एप्सिलॉन-इओटा हवे तिथे तो नुसता इओटा लिहितो. 'पिनो' (पितो) मध्ये नुसता इओटा हवा तिथे एप्सिलॉन-इओटा लिहितो. चूक दोन्ही दिशांनी होते, म्हणजे त्याच्या कानाला फरक उरलेला नव्हता. मराठी मुले 'कवि' की 'कवी' यात अडखळतात तशीच ही गत. त्याच पत्रात आइ च्या जागी ए येतो, आणि 'तुम्हाला लिहिणार नाही' इथे चतुर्थी हवी असताना द्वितीया येते. चतुर्थी बोलण्यातून पुढे पूर्ण नाहीशी झाली. तिची सुरुवात या कागदावर आहे.

उच्चार मिसळले की व्याकरणाला डागडुजी करावी लागते. 'हेमेइस' म्हणजे आम्ही, 'ह्युमेइस' म्हणजे तुम्ही. दोन्हींचा उच्चार 'इमीस' झाल्यावर आम्ही कोण आणि तुम्ही कोण हेच कळेना. नव्या कराराच्या हस्तलिखितांत 'आमचा आनंद' की 'तुमचा आनंद' असे पाठभेद पडतात ते यामुळे. बोलीने त्यावर नवी सर्वनामे काढली: 'एमीस' आणि 'एसीस'. क्रियापदातले हेत्वर्थक रूप ('जायला', 'खायला' असे) गेले; त्याच्या जागी 'ना' लावून सबंध उपवाक्य येऊ लागले. भविष्यकाळही असाच नवा बांधला गेला: 'थेलो इना' (मला हवे की) झिजून 'थेलो ना', मग 'थे ना', आणि आता फक्त 'था'.

शिकलेल्यांना हे सारे भ्रष्ट वाटत होते. इ.स.च्या दुसऱ्या शतकातच फ्रिनिखससारखे वैयाकरण 'हा शब्द नको, तो जुना ॲटिक शब्द वापरा' अशा याद्या करत होते. बायझँटाइन (पूर्व रोमन) साम्राज्याच्या काळात हजार वर्षे दरबार आणि चर्च जुन्या वळणाचे लिहीत राहिले. बोलीभाषेतले वाङ्मय बाराव्या शतकापासून दिसू लागते आणि व्हेनिसच्या ताब्यातल्या क्रीटवर ते चांगले फुलले.

स्वतंत्र ग्रीस १८३० मध्ये मान्य झाले तेव्हा राज्याची भाषा कोणती, हा प्रश्न या दुहीतून उभा राहिला. आदामान्तिओस कोराइस या विद्वानाने मधला मार्ग सुचवला होता: बोलीच ठेवा, पण परके शब्द काढून तिला जुन्या रूपांकडे वळवा. त्यातून 'काथारेव्हुसा' ही लेखी भाषा उभी राहिली आणि उत्तरोत्तर जुनी होत गेली. माणूस पावाला 'प्सोमी' म्हणे, दुकानाच्या पाटीवर 'आर्तोस'पासून केलेला शब्द असे. सप्टेंबर १९०१ मध्ये एका दैनिकाने शुभवर्तमानाचे बोलीतले भाषांतर छापायला घेतले, त्यावरून नोव्हेंबरमध्ये अथेन्सला दंगल उसळली, आठ जण मेले आणि सरकार पडले. १९१७ मध्ये बोलीभाषा, म्हणजे 'दिमोतिकी', प्राथमिक शाळांत आली. पण सरकार बदलले की पाठ्यपुस्तके बदलत. १९६७ ते १९७४ च्या लष्करी राजवटीने काथारेव्हुसाची इतकी तरफदारी केली की ती राजवट कोसळल्यावर काथारेव्हुसाला वाली उरला नाही. १९७६ मध्ये दिमोतिकी शिक्षणाची भाषा ठरली. १९८२ मध्ये अलेक्झांड्रियाच्या पंडितांपासून चालत आलेली आघाताच्या अनेक चिन्हांची आणि श्वासचिन्हांची (शब्दारंभी ह आहे की नाही हे दाखवणाऱ्या खुणांची) व्यवस्था काढून आघातासाठी एकच चिन्ह ठेवले. 'ई'ची सहा लेखने मात्र शाळेत अजून पाठ करावी लागतात.

आजची प्रमाण ग्रीक कोइनेतून आली आहे, पण सगळ्या बोली तिच्या पोटातल्या नाहीत. ग्रीसच्या दक्षिणेकडचे द्वीपकल्प असलेल्या पेलोपोनीसच्या पूर्वेकडच्या डोंगरात बोलली जाणारी त्साकोनियन थेट डोरिकच्या शाखेतली मानतात. दक्षिण इटलीत ग्रिको आहे. काळ्या समुद्राकाठची पोंटिक बोलणारे ख्रिस्ती ग्रीस आणि तुर्कस्तान यांच्यातल्या १९२३ च्या लोकसंख्या-अदलाबदलीत ग्रीसला पाठवले गेले. अदलाबदल धर्मावरून झाली होती, भाषेवरून नव्हे, त्यामुळे तीच बोली बोलणारे मुस्लिम तुर्कस्तानात त्राब्झोनच्या खोऱ्यांत राहिले. त्यांच्या 'रोमेइका' बोलीत हेत्वर्थक रूप अजून चालते, आणि ती बोली बोलणाऱ्यांनी ग्रीक अक्षरे शाळेत कधी गिरवलेली नसतात.